डिस्क आपली, कुलूप त्यांचं

उर्दू आणि मराठी दोन्ही भाषा शिकवणाऱ्या माणसाला काही शब्द स्वस्थ बसू देत नाहीत. ‘नक्कल’ हा त्यातलाच एक. उर्दूच्या तासाला ‘नक़ल’ म्हटलं की मुलं हसतात, कारण त्यांच्या डोक्यात पहिली येते ती परीक्षेतली कॉपी. मराठीच्या तासाला ‘नक्कल’ म्हटलं की मागच्या बाकावरचा कुणीतरी हेडसरांचा आवाज काढून दाखवतो. तहसील कचेरीत नक्कल म्हणजे फेरफाराची प्रत. ती मिळवायला रीतसर अर्ज करून फी भरावी लागते. आणि माझा धाकटा भाऊ कुवेतमध्ये जो ट्रेलर चालवतो, त्याच्या दारावर अरबीत ‘नक्लियात’ लिहिलेलं आहे, म्हणजे वाहतूक. मूळ अरबी शब्दाचा अर्थ एवढाच, की एका जागेवरचं दुसऱ्या जागी नेणं. माल नेला तर वाहतूक, मजकूर नेला तर नक्कल.

म्हणजे शब्दात चोरी नाही. मग ती कुठून येते? या प्रश्नावर आमच्या घरात बराच काळ चर्चा चालली आणि तिचं निमित्त होतं एक जुनं प्लेस्टेशन २. विषय पोरखेळाचा वाटेल, पण मला तो तसा वाटत नाही.

भावाने हे मशीन २००५ मध्ये कुवेतमध्ये घेतलं. त्या काळात आपल्याकडे ‘चिप मारलेले’ पीएस टू सर्रास मिळायचे. आत एक छोटी चिप डाग देऊन बसवलेली असायची आणि मग शंभर-सव्वाशे रुपयांच्या बनावट सीडीवर कुठलाही गेम चालायचा. (डिस्क डीव्हीडी असली तरी आमच्याकडे सगळे तिला सीडीच म्हणतात.) भावाच्या मशीनला चिप नव्हती, त्यामुळे त्याला प्रत्येक गेम मूळ डिस्कवरच घ्यावा लागला. याला प्रामाणिकपणा म्हणावं की नाइलाज, हे तोच जाणे. पण दर सुट्टीला एक-दोन करत त्याच्याकडे पंधरा डिस्क जमल्या, आणि त्या सगळ्या पगारातून घेतलेल्या.

भावाचा मुलगा, माझा पुतण्या, २००९ चा. त्याने बापाला पाहिलं ते दोन वर्षांतून चाळीस-पंचेचाळीस दिवस. आखातात माणूस असलेल्या घरांना हे समजावून सांगायला नको. रत्नागिरी, रायगड जिल्ह्यांतल्या आमच्या गावांत अशी घरं मोजायला बसलं तर संध्याकाळ होईल. सुट्टीवर आलेला बाप आणि त्याला अर्धवट ओळखणारा मुलगा यांच्यात पहिले चार दिवस बोलणं कमीच असतं. या दोघांच्या हातात एकेक रिमोट दिला की ते सुरू व्हायचं. त्यांचा आवडता गेम ‘ग्रॅन टुरिस्मो ४’. त्यात सातशेहून जास्त गाड्या आहेत, आणि मोठ्या शर्यतींत उतरण्याआधी एकामागून एक लायसन्सच्या परीक्षा द्याव्या लागतात. दिवसभर ट्रेलर चालवणाऱ्या माझ्या भावाने रात्री खोलीवर बसून त्या परीक्षा दिल्या, गाड्या जमवल्या, आणि ते सगळं आठ मेगाबाइटच्या मेमरी कार्डावर साठवून घरी आणलं. ‘अब्बांचं गॅरेज’ म्हणून पुतण्या ते उघडून बसायचा.

२१ जुलै २०२१ ला बकरीद होती. भावजय आणि पुतण्या चिपळूणहून आमच्याकडे आले होते. पोराने मशीन पिशवीत घालून आणलं, मेमरी कार्ड त्यातच होतं, आणि आत क्रिकेटच्या गेमची एक डिस्क होती. बाकीच्या चौदा डिस्क चेनच्या पाकिटात, तळमजल्यावरच्या शोकेसमध्ये. त्याच रात्री वाशिष्ठीचं पाणी चढलं. २२ तारखेच्या सकाळी चिपळूणचं काय झालं ते सगळ्या महाराष्ट्राने टीव्हीवर पाहिलं. घरातली माणसं आमच्याकडे होती म्हणून वाचली, अल्हम्दुलिल्लाह. घरातलं सामान वाचलं नाही.

आठवड्याने चिखल उपसताना ते पाकीट सापडलं. गादी, फ्रिज, कागदपत्रं गेलेल्या घरात गेमच्या डिस्कचं काय घेऊन बसायचं, असं कुणालाही वाटेल. भावजयीने मात्र ते पाकीट नळाखाली धुतलं आणि वेगळं ठेवलं. का, ते तिने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

डिस्क वाचवण्याचं काम मी आणि पुतण्याने मिळून केलं. साध्या पाण्याने आणि सौम्य साबणाने धुवायच्या. मऊ सुती कपड्याने मधून कडेकडे सरळ रेषेत पुसायच्या, गोल गोल नाही. गोल चरा पडला तर तो माहितीच्या ओळीबरोबर लांबवर जातो आणि वाचणं अवघड होतं, आडवा चरा मशीन बऱ्याचदा सावरून घेतं. आणखी एक गोष्ट त्या वेळी कळली. सीडीमध्ये माहितीचा थर अगदी वरच्या छापील बाजूला लागून असतो, म्हणून लेबल सोललं की माहितीही गेली. डीव्हीडीत तो थर प्लास्टिकच्या दोन चकत्यांच्या मध्ये असतो, त्यामुळे लेबल गेलं तरी आशा असते. पण कडेतून पाणी आत शिरलं तर त्या चकत्याच सुटायला लागतात.

धुऊन झाल्या, आणि मी ठरवलं की आता या मशीनमध्ये घालण्याआधी प्रत्येकीची नक्कल काढायची. सोळा वर्षांचं झालेलं मशीन, कोकणातली दमट हवा, त्यात पुराचा बारीक गाळ. लेन्सही बिघडेल आणि उरलेली डिस्कही जाईल.

नक्कल काढणं तसं सोपं आहे. पीएस टूच्या डीव्हीडी साध्या संगणकाच्या डीव्हीडी ड्राइव्हवर वाचता येतात. बाहेरून जोडायचा ड्राइव्ह घेतला, एक फुकटचा प्रोग्रॅम वापरला, की डिस्कवरचं सगळं एका आयएसओ फाइलमध्ये उतरतं. चांगल्या डिस्कला वीसेक मिनिटं लागायची. खराब डिस्कला एकदा अख्खी रात्र लागली. ड्राइव्ह एकाच जागी शंभरदा प्रयत्न करत होता आणि पुतण्या शेजारी चटईवर झोपून गेला होता. चौदापैकी नऊ सरळ उतरल्या, दोन अशा रात्र खाऊन उतरल्या, तीन उतरल्याच नाहीत.

उतरलेली प्रत नेमकी आहे की नाही हे तपासायची एक रीत आहे. फाइलमधल्या सगळ्या माहितीवरून संगणक एक लांबलचक आकडा काढतो. एक बिंदू जरी इकडचा तिकडे झाला तरी आकडा बदलतो. ‘रीडम्प’ नावाच्या प्रकल्पात जगभरच्या लोकांनी आपापल्या डिस्कचे असे आकडे नोंदवून ठेवलेत, त्यांच्याशी आपला आकडा ताडून पाहायचा. पुतण्याला हे फार आवडलं. मी त्याला सांगितलं, जुन्या मोडी कागदांवर शेरा असायचा, ‘असल बरहुकूम नक्कल’. असल म्हणजे मूळ, बरहुकूम म्हणजे त्याला धरून. तीनही शब्द फारसी-अरबीतून आलेले आणि कागद मराठी दफ्तरातला. त्या दिवसापासून आकडा जुळला की पोरगा मोठ्याने ओरडायचा, “बरहुकूम!”

खरी अडचण पुढे होती. नक्कल तयार झाली तरी मशीन ती चालवत नाही. मूळ डिस्कवर कारखान्यात अशी एक खूण उमटवलेली असते जी साध्या बर्नरने उमटत नाही. मशीन आधी ती खूण पाहतं. नसेल तर दार बंद. पैसे देऊन घेतलेल्या डिस्कची तुम्हीच काढलेली प्रत आणि फुटपाथवरची शंभर रुपयांची प्रत, मशीनच्या दृष्टीने दोन्ही सारख्याच.

हे दार उघडायला आता चिप लागत नाही. ‘फ्री मॅकबूट’ नावाचा प्रोग्रॅम २००८ पासून आहे. तो एका मेमरी कार्डावर बसवायचा, मशीन सुरू होताना तो कार्डावरून स्वतःच चालू होतो. अगदी शेवटच्या काही मॉडेल्सवर तो चालत नाही, आमच्यावर चालला. मग ‘ओपन पीएस टू लोडर’ नावाचा दुसरा प्रोग्रॅम उघडायचा आणि त्याला आयएसओ फाइल दाखवायची. आधी पेन ड्राइव्हवरून करून पाहिलं, पण या मशीनचं यूएसबी जुन्या १.१ पद्धतीचं, फार संथ. मधल्या चित्रफिती अडखळायच्या. मग जुना लॅपटॉप नेटवर्कच्या वायरने जोडला आणि काम झालं. मशीनचा एकही स्क्रू उघडला नाही, लेन्सला हात लावला नाही. मूळ डिस्क आता सुती कापडात, सिलिका जेलच्या पुड्या घालून डब्यात आहेत.

पहिल्याच रात्री पुतण्याने विचारलं, “चाचा, हे हलाल आहे ना?”

प्रश्न साधा होता आणि मला तो मनापासून आवडला. “चालतं रे” म्हणून उडवून लावणं सोपं होतं, पण बोर्डाच्या परीक्षेत कॉपीमुक्त अभियानाच्या ड्युटीवर उभा राहणारा मास्तर घरी बसून नकला काढतोय म्हटल्यावर उत्तर नीट द्यायला हवं होतं.

आधी देशाचा कायदा पाहिला. भारतीय कॉपीराइट कायदा १९५७ चा, त्यात १९९४ मध्ये कलम ५२(१)(एए) आलं. त्याचा आशय असा, की संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे त्याने हरवणं, नष्ट होणं किंवा खराब होणं यांपासून तात्पुरतं संरक्षण म्हणून, आणि मूळ कामासाठीच वापरायला, बॅकअप प्रत काढली तर तो भंग ठरत नाही. पुढे २०१२ मध्ये कलम ६५ए आलं. तांत्रिक कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. पण त्यात एक शब्दयोजना फार महत्त्वाची आहे : हक्काचा भंग करण्याच्या हेतूने. म्हणजे कायदाही शेवटी नियतीपाशी येऊन थांबतो. गेममध्ये प्रोग्रॅमबरोबर चित्रं आणि संगीतही असतं, त्यामुळे वकील यावर वाद घालू शकतात. अमेरिकेचा १९९८ चा कायदा यापेक्षा कडक आहे. तिथे डिस्क तुमची असली तरी कुलूप तोडणं हाच वेगळा गुन्हा ठरू शकतो. उलट ऑस्ट्रेलियाच्या सर्वोच्च न्यायपीठाने २००५ मध्ये प्लेस्टेशनच्या चिपच्या खटल्यात चिप विकणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला होता. नंतर तिथला कायदाच बदलला.

मग दीनची बाजू. लेखकाचा किंवा कारागिराचा असा अदृश्य हक्क शरियतमध्ये मानायचा का, यावर उलमांमध्ये मतभेद होते. हातात धरता येत नाही ती वस्तू मालमत्ता कशी, असा जुना प्रश्न. जेद्दाच्या आंतरराष्ट्रीय फिकह अकादमीने डिसेंबर १९८८ मध्ये, कुवेतमध्येच भरलेल्या बैठकीत, ठराव केला की ग्रंथलेखन, शोध, व्यापारी नाव हे हक्क त्यांच्या धन्याचे आहेत आणि त्यांवर हात टाकणं जायज नाही. पाकिस्तानचे मुफ्ती तकी उस्मानी यांनीही या हक्काच्या बाजूने लिहिलं आहे. स्वतःपुरती प्रत काढण्याला काही आलिम सवलत देतात, काही देत नाहीत. पण बनवणाऱ्याचा हक मारू नये, इथे कुणाचं दुमत दिसत नाही. माणसांचे हक्क, हुकूक-उल-इबाद, हा असा हिशोब आहे की तो ज्याचा त्यानेच माफ करायचा असतो.

मी पोराला एवढंच सांगितलं, “तुझ्या अब्बांनी या डिस्कचे पैसे दिलेत. बनवणाऱ्याला त्याचा हक मिळालाय. आपण तीच वस्तू एका जागेवरून दुसऱ्या जागी नेतोय. नक्लियात.” तो हसला. त्याला ते पटलं.

पण किल्ली एकदा हातात आली की ती फक्त आपलंच दार उघडते असं नाही. पंधरा दिवसांत मोहल्ल्यात बातमी फिरली, सरांकडे पीएस टूमध्ये फुकट गेम टाकून मिळतात. एका संध्याकाळी शेजारचा मुलगा पेन ड्राइव्ह घेऊन आला. त्यात चाळीसेक गेम होते, सगळे नेटवरून उतरवलेले. त्याचं बोलणं सरळ होतं, “सर, तुमचे पण कॉपी, हे पण कॉपी. फरक काय?”

मी उत्तर द्यायच्या आधी पुतण्याच बोलला, “आमच्या कॉपीला आई आहे.” मूळ डिस्क म्हणजे आई. कुठल्याही व्याख्येपेक्षा मला हे जास्त आवडलं. पेन ड्राइव्हवाला मुलगा थोडा रुसून गेला. त्याच्या घरी बाप नाही आणि नवा गेम महाग येतो, हे मला माहीत आहे. त्याला मी चोर म्हणालो नाही आणि म्हणणारही नाही. त्याला म्हटलं, आमच्या बारा गेमपैकी कुठलाही इथे येऊन खेळ, रिमोट दोन आहेत. तो आता येतो.

आपल्या नियमाचा खरा कस लागतो तो त्याची किंमत आपल्यालाच द्यावी लागते तेव्हा. न उतरलेल्या तीन डिस्कमध्ये एक होती ‘ग्रॅन टुरिस्मो ४’. मेमरी कार्ड सुखरूप. मशीनच्या पडद्यावर त्या गेमचं छोटं चित्र दिसत होतं, खाली अब्बांनी शेवटचं साठवलं त्याची तारीख. पण डिस्कशिवाय ते उघडेना. गॅरेज आहे आणि दाराची किल्ली नाही.

पुतण्याने बरेच दिवस काही विचारलं नाही. मग एकदा म्हणाला, “चाचा, ही पण आपलीच होती ना? पैसे दिलेच होते. नेटवरून घेतली तर?”

त्याच्या म्हणण्यात दम आहे. माझ्याकडे त्याला खोडून काढणारा पक्का युक्तिवाद आजही नाही. मोडकी डिस्क आमच्या हातात होती, पावती भावाच्या बॅगेत असेलही. मी त्याला दोन गोष्टी सांगितल्या. एक, कायदा आपल्या प्रतीची नक्कल काढायला मुभा देतो, दुसऱ्याने वाटलेली उचलायला तीच मुभा आहे असं मला त्यात वाचता येत नाही. आणि दुसरी, आपण आज स्वतःच्या सोयीसाठी ही रेघ एक बोट पुढे सरकवली, तर परवा पेन ड्राइव्हवाल्या मुलाला काय तोंडाने सांगणार? तो म्हणाला, “मग शोधू या.” नाराज होता, पण म्हणाला.

शोधायला चौदा महिने लागले. भावाने कुवेतच्या सूक-अल-जुमामध्ये, म्हणजे तिथल्या शुक्रवारच्या जुन्या बाजारात, एक डिस्क मिळवून पाठवली. ती निघाली अमेरिकेतली. गेम चालला, पण अब्बांचं गॅरेज त्याला दिसेचना, कारण आमचं साठवण युरोपीय आवृत्तीचं, आणि प्रत्येक आवृत्ती फक्त आपलीच नोंद ओळखते. शेवटी मुंबईच्या एका गृहस्थांकडून योग्य आवृत्तीची डिस्क मिळाली. आधी धुतली, मग नक्कल काढली, आकडा ताडला. बरहुकूम. मगच खेळायला बसले. भाऊ व्हिडिओ कॉलवर होता, आणि बाप-लेकांत कुठली गाडी कुणी घेतली होती यावर भांडण चालू होतं. मी उठून चहा करायला गेलो.

दुसरी फुटबॉलची डिस्कही मिळाली. तिसरी अजून नाही. ती ‘देसी अड्डा’, २००९ चा, भारतीय बाजारासाठी भारतातच बनलेला गेम. त्यात गिल्लीदांडा, कबड्डी असे आपल्या मातीतले खेळ. ‘हनुमान: बॉय वॉरियर’ हा भारतात बनलेला पहिला पीएस टू गेम म्हणून गाजला, तोही त्याच वर्षीचा. पीएस टूचं उत्पादन २०१३ च्या सुरुवातीला थांबलं. हे गेम आता कुठल्याही दुकानात नवे मिळत नाहीत. परदेशी गेमचीही तीच गत आहे. अमेरिकेच्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने २०२३ मध्ये अभ्यास करून सांगितलं, की तिथे २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात विकतच मिळत नाहीत. पुस्तक छापायचं थांबलं तरी ग्रंथालयात एखादी प्रत असते. गेमसाठी तसं काही आपल्याकडे नाही. विकणाराही नाही, राखणाराही नाही आणि कुलूप मात्र तसंच. हा कायद्यातला दोष आहे, आणि तो ग्रंथालयांना मुभा देऊन दुरुस्त व्हायला हवा, असं माझं मत आहे. तोवर आमच्या पाकिटातला तो कप्पा रिकामा.

पाकिटाच्या आतल्या बाजूला पुतण्याने चार नियम लिहून चिकटवलेत, डावीकडे उर्दूत, उजवीकडे मराठीत. डिस्क आपली असेल तरच नक्कल. नक्कल कुणाला द्यायची नाही, खेळायला घरी बोलवायचं. डिस्क विकली तर नक्कल पुसायची. मूळ डिस्क फेकायची नाही, मोडली तरी. चौथा नियम त्याने स्वतः घातला. मोडकी ‘ग्रॅन टुरिस्मो’ अजून त्याच कप्प्यात आहे, नव्या डिस्कच्या मागे.

तुमच्यापैकी कुणाच्या माळ्यावर, ट्रंकेत, आखातातून आलेल्या एखाद्या बॅगेत अशा डिस्क पडून असतील, तर पावसाळ्याआधी त्या काढा, धुवा, पुसा आणि स्वतःपुरती एकेक नक्कल करून ठेवा. आणि त्यात ‘देसी अड्डा’ निघाला आणि विकायचा असेल, तर मला जरूर कळवा. फक्त विकण्याआधी तुमच्याकडची नक्कल पुसा, नाहीतर आमचे साहेब तिसऱ्या नियमावर बोट ठेवून ती परत पाठवतील.